पहिलं ताट

अहो,

काल अक्षय्य तृतीया, आपली आखाजी झाली. तुमच्या नावाची पहिली घागर भरली. पाणी, वाळा, वर खरबूज, सगळं रीतीप्रमाणे. योगेशनं धोतर नेसून पूजा केली. ते तीनदा सुटलं, मग सूनबाईनं, प्राचीनं, आत नेऊन त्याला सेफ्टी पिन लावली. आपला लेक आणि त्याचं धोतर! तुम्ही असता तर हसून हसून ठसका लागला असता.

पिंपळनेरहून तुमच्या अक्का दोन दिवस आधीच येऊन बसल्या होत्या. धाकट्या भावाची पहिली घागर, त्यांना यायलाच हवं होतं. पण काल दुपारपासून त्या माझ्याशी बोलत नाहीत. चहा दिला तर घेतात, आणि बघतात भिंतीकडे. मी काय केलं ते तुम्हाला सांगायचंय. कारण या सगळ्या भानगडीचं मूळ तुम्हीच. तुम्ही गेलात आणि सुटलात, निस्तरायचं मी.

तर पहिल्यापासून सांगते. तुम्हाला ठाऊक आहे तेही सांगते, मध्ये बोलू नका.

सहा वर्षांपूर्वी बियाण्यांच्या कंपनीनं तुम्हाला थायलंडची टूर दिली. शिरपुरातले, शिंदखेड्यातले, बाजूच्या गावांतले सगळे दुकानदार निघाले. मी दशम्या दिल्या, लसणाची चटणी दिली, चिवडा दिला. गल्लीतल्या बायका रोज दारात. "काय वहिनी, भाऊंना एकटंच पाठवलं बँकॉकला?" आणि पदराआड हसणं. मी म्हणायचे, "पाठवलं. त्यात काय?" पण माझं आपलं पोटात एक आणि ओठात एक. तुम्ही परत आलात, आंघोळीला गेलात, आणि मी तुमची बॅग उघडली. हे मी तुम्हाला कधी सांगितलं नव्हतं, आज सांगते. एकेक शर्ट हुंगला. एकाच्या छातीवर तपकिरी डाग होता. नाकाशी नेला तर चिंच! चिंच आणि लसूण. बॅगेच्या तळाशी तांदळाच्या चपट्या शेवयांची तीन पाकिटं आणि फडक्यात गुंडाळलेली एक बाटली. बाकीच्यांनी अत्तरं आणली, डोकेदुखीचे बाम आणले. माझा नवरा शेवया घेऊन आला. मला हायसं वाटलं, आणि मेला रागही आला, की एवढ्या लांब विमानानं जाऊन माणूस बायकोला शेवया आणतो!

जेवताना तुम्ही ती गोष्ट सांगितलीत. बाजारात बाकीची मंडळी पुढं निघून गेली आणि तुम्ही मागे राहिलात. भूक लागली होती. कोपऱ्यावर एक हातगाडी होती. गाडीवर माझ्याच वयाची बाई, खोलगट कढई, खाली भडका जाळ. सहा-सात गिऱ्हाइकं उभी. तिनं शेवयांची एक प्लेट परतली आणि कुणाला दिली? कुणालाच नाही. स्वतः घेतली, स्टुलावर बसली आणि जेवली. तुमच्या दुकानदार जिवाला ते सहनच होईना. "गिऱ्हाईक उभं शे आनि बाई खाई ऱ्हायनी!" हे सांगताना तुम्ही पाटावरून अर्धे उठायचात. मग बाईनं तोंड पुसलं आणि एकेकाला एकेक प्लेट करून द्यायला लागली. तुमची प्लेट हातात आली तेव्हा तुम्ही बाकीच्यांची वाट बघत थांबलात, तर तिनं कढईवर उलथनं आपटून खुणेनं दटावलं, की खा, आत्ता खा. तुम्ही खाल्लंत. शर्टावर सांडलंत पण.

ही गोष्ट तुम्ही शंभरदा सांगितली असेल. दर वेळी "ती आधी खाते" इथं आलात की थांबायचात आणि माझ्याकडे बघायचात. मी म्हणायचे, "असेल बाई बिनलाजी." मग तुम्ही भाकरीकडे बघायचात.

पहिलं पाकीट मी वाया घालवलं. आपल्याकडे शेवया म्हटलं की आधण ठेवायचं, हे मला आईनं शिकवलंय. उकळत्या पाण्यात टाकल्या, फडक्यात ओतल्या, निथळल्या. कढईत टाकल्यावर त्यांची खळ झाली. त्यात माझ्या हातून हळद गेली, आणि वरून काळा मसाला. हात सवयीनं डब्याकडे जातो, मी काय करू? तुम्ही एक घास खाल्लात आणि म्हणालात, "बेस शे. पन हाई ते नही." नंतर दुसरं पाकीट तुम्ही माझ्या हातात दिलंच नाहीत. योगेशच्या मोबाइलवर व्हिडिओ बघून स्वतः उभे राहिलात. चोपन्न वर्षांचा माणूस, आयुष्यात चहाचं आधण ठेवलं नव्हतं, आणि आता ओट्याशी. अक्कांना फोनवर सांगितलं तर त्या म्हणाल्या, "नव्याचे नऊ दिवस. होऊ दे."

नऊ दिवस कसले, सहा वर्षं झाली. महिन्यातून दोन रविवार तरी तुमचेच. आणि शिकलात हो तुम्ही. ते मी तोंडावर कधी म्हटलं नाही. शेवयांना आधण नकोच, साध्या पाण्यात भिजवायच्या, वाकल्या पाहिजेत पण मोडायला नकोत. उरलेल्या कढईतच शिजतात. चिंचेचा घट्ट कोळ, गूळ आणि त्या बाटलीतलं मासळीचं पाणी आधीच एकत्र करून ठेवायचं, कारण जाळावर मग वेळ मिळत नाही. लसूण पडला की हात थांबवायचा नाही. शेवया, वरून चिंचेचं पाणी, ते शोषून घेतलं की त्या एका कडेला ढकलायच्या आणि मोकळ्या जागेत अंडं फोडायचं. शेवटी मोड आलेले मूग आणि कांद्याची पात, ती कच्चटच राहिली पाहिजे. वर भाजलेल्या दाण्यांचा भरड कूट, लाल तिखट, लिंबू. तुम्ही म्हणायचात, बघ, चिंच आपली, गूळ आपला, शेंगदाणे आपले, मूग आपले. शेवया सोडल्या तर थायलंडचं फक्त एकच, ते पाणी. आणि तेच मी घरात ठेवू दिलं नाही. काय तो वास! मेलेल्या उंदरापेक्षा वाईट. मग तुम्ही ती बाटली दुकानाच्या गल्ल्याशेजारी ठेवलीत. एका शेतकऱ्यानं विचारलं होतं ना, "नाना, ही फवारणी कशावर चालते?" तुम्ही म्हणालात, "माणसावर." तो भला माणूस मान हलवून गेला.

धुळ्याला एका दुकानात तशा शेवया मिळायला लागल्या तेव्हा तुम्ही लग्न ठरल्यासारखे खूश झालात.

आता खऱ्या भांडणावर येते. एका वेळी एकच प्लेट करायची, हा तुमचा नियम. कढई भरली की शेवया परतल्या जात नाहीत, शिजून गोळा होतात, हे मला पटत होतं. मांडे नाही का आपण एकेकच टाकत. पण मांडा टाकला की तो दुरडीत जातो, सगळे झाले की पंगत बसते. तुमचं तसं नव्हतं. पहिली प्लेट झाली की तुम्ही ती माझ्यापुढे धरायचात. "खाई ले वं, थंडं व्हई जाई." आणि मी ती घ्यायचे, वर ताट झाकायचे आणि बाजूला ठेवायचे. मग दुसरी, तिसरी, चौथी. चारही झाल्या की सगळ्यांना वाढायचे आणि शेवटी मी बसायचे. तोवर झाकणाखाली वाफेनं माझ्या शेवयांची वडी झालेली असायची. उलथन्यानं कापून खाल्ली आहे मी ती. आणि वर म्हणायचे, "चांगली झालीय."

तुम्ही सांगून थकलात की झाकू नको. मी म्हणायचे, झाकू नको तर काय करू, माशा बसतील. तुम्ही म्हणायचात, खा. मी म्हणायचे, सगळ्यांचं होऊ द्या. सहा वर्षं आपण हेच बोललो. सासूबाईंनी मला लग्नानंतर पहिल्याच दिवशी सांगितलं होतं की करणारीनं शेवटी बसायचं. पण सगळं त्यांच्यावर ढकलायचं नाही मला, त्या गेल्यालाही आता बरीच वर्षं झाली. खरं सांगू? मला त्याचा थोडा तोराच होता. घरात सगळ्यांच्या मागून, गार, उरलंसुरलं जेवते म्हणून माझं वजन आहे, असं मनात कुठंतरी होतं. सुनेसमोर तर जास्तच. नवऱ्याच्या आधी मी गरम प्लेट घेऊन बसले असते तर प्राची काय म्हणाली असती? काही म्हणाली नसती. मला आता कळतंय, ती पोरगी काहीच म्हणाली नसती.

आणि तुम्हीही कधी सरळ सांगितलं नाहीत. ती हातगाडीवरची बाई, ती बाई, सारखी ती बाई. "पस्तीस वर्षं तू गार जेवतेस ते मला बघवत नाही" असं एक वाक्य बोलायला तुमचं काय जात होतं? आपल्या माणसांचं हेच. बियाण्याच्या पिशवीवर काय लिहिलंय ते तासभर समजावून सांगतील, आणि बायकोशी बोलायचं तर थायलंडहून फिरून येतील.

शेवटचा तो रविवार. फाल्गुनातला. योगेश धुळ्याहून यायचा होता, त्याला उशीर झाला. तुम्ही पहिली प्लेट केलीत, माझ्यापुढे धरलीत. मी ती घेतली, झाकली आणि म्हणाले, "ही योगेशला होईल. तो आला की देते." पाच-दहा मिनिटांनी तुम्ही झाकण उघडलंत आणि आत बघितलंत. मग अगदी हळू म्हणालात, "तुले मना हातनं खावानं नही, तं सरळ सांग ना."

ओरडला असता तर बरं झालं असतं. ओरडलात की मला उत्तर सुचतं. तुम्ही कढई घासलीत, उपडी ठेवलीत, हात पुसलेत आणि टीव्हीपुढे जाऊन बसलात. त्यानंतरचा रविवार गेला. त्याच्या पुढचाही गेला. मी वाट बघत होते, तुम्ही काढाल विषय. तुम्हीही वाट बघत असाल. सुंभ जळला तरी पीळ जात नाही, आपल्या दोघांनाही लागू.

तिसऱ्या रविवारी मी आदल्या दिवशीच मूग भिजवून फडक्यात बांधले होते. तुमच्यासाठी. छान मोड आले होते. म्हटलं, ते मूग बघतील आणि समजतील, आणि आपणहून कढई काढतील. तुम्ही आत आलात, पोटली बघितलीत आणि विचारलंत, "उसळ का आज?"

मी म्हणाले, "हो."

एवढंच. "नाही हो, तुमच्या शेवयांसाठी" एवढे चार शब्द तोंडात होते, आणि मी "हो" म्हणाले. आपण उसळ खाल्ली. तुम्ही दुसऱ्यांदा मागून घेतलीत. त्याच आठवड्यात तुम्ही गेलात. लोक मला विचारतात, काही बोलले का हो जाताना? काय सांगू त्यांना? त्या "हो"ची मला इतकी चीड येते, इतकी चीड येते की एकटी असले की मी स्वतःला मोठ्यानं शिव्या देते. परवा प्राचीनं ऐकलं, तिला वाटलं मांजराला देतेय.

तर आता कालचं.

घागरीपुढे पुरणपोळी, आमरस, कुरडया, सगळं मांडलं. गोवऱ्यांचे निखारे तयार होते. पितरांचा घास निखाऱ्यावर टाकायचा, तीच आगारी, आणि त्यानंतर घरच्यांनी जेवायचं. तेवढ्यात अक्काच म्हणाल्या, "नानाच्या आवडीचं ताटात काहीच नाही. ते चिंचेच्या शेवयांचं कर. त्याचा जीव त्यातच होता." मला बरं वाटलं. पण मग त्यांनी अटी घातल्या. अंडं नाही, चालेल. मासळीचं पाणी तर नाहीच, आजच्या दिवशी कसं चालेल. लसूण नाही. म्हटलं अक्का, लसूण नाही तर मग त्यांना कळणार कसं, की हे त्यांचंच आहे? बराच वेळ विचार करून म्हणाल्या, "टाक दोन पाकळ्या. जाऊ दे." आणि शेवटी, "चव बघू नको बरं. आधी त्याला."

तुमच्या कपाटातलं शेवटचं पाकीट काढलं. साध्या पाण्यात भिजवलं, बरं का, आधण ठेवलं नाही. हळदीच्या डब्याला हात लावला नाही. मूग आदल्याच दिवशी बांधले होते, कुणासाठी ते मला माहीत नाही. तुम्ही ठेवायचात तसा मोठा जाळ ठेवला. एकच प्लेट. लसूण, शेवया, चिंचगूळ, अंड्याच्या जागी पनीर, मूग, पात. उतरवली, वर कूट घातला, लिंबू पिळलं. अक्का ताट घेऊन शेजारी उभ्या. योगेश निखाऱ्यापाशी पळी घेऊन बसलेला. मला फक्त ती प्लेट अक्कांच्या हातात द्यायची होती.

माझ्याच्यानं देववेना. मला वाटलं, ही मी परत झाकायला निघालेय. परत दुसऱ्या कुणाला द्यायला निघालेय. या वेळी योगेशच्या जागी तुम्हाला, पण तेच की हो ते! तुम्ही सहा वर्षं काय मागत होतात? ताट मागत होतात का? मी तिथंच ओट्याला टेकले आणि खायला लागले. उभ्यानंच. तोंड पोळलं तरी थांबले नाही.

अक्का ओरडल्या, "अवं, काय करस! नानाकरता शे ते! उष्टं करी टाकं!"

मी घास गिळला आणि म्हणाले, "अक्का, त्यांनीच सांगितलं होतं."

"कधी?"

"दर रविवारी."

मग मला रडू आलं. खाता खाताच. नाक, डोळे, चिंच, तिखट, सगळं एक झालं. निखाऱ्यावर राख धरायला लागली होती. मी पूर्ण प्लेट संपवली, एक शेवई ठेवली नाही, आणि दुसरी करायला घेतली. ती तुमची. तिची आगारी टाकली, चांगला धूर झाला. अक्कांनी हात जोडले पण माझ्याकडे बघितलं नाही. तिसरी प्लेट केली ती प्राचीच्या हातात दिली आणि म्हटलं, आत्ता खा, झाकू नको. योगेशला सगळ्यांच्या शेवटी मिळाली. त्यानं धोतर सावरत मुकाट्यानं खाल्ली.

अक्कांचा राग जाईल. आज ना उद्या मी त्यांनाही एक गरम करून देईन. त्याही आयुष्यभर शेवटीच जेवल्यात.

मासळीचं पाणी नव्हतं, त्यामुळे तुमच्याइतकी चव आली नसेल. पण चांगल्या झाल्या होत्या हो. खूप चांगल्या. प्रत्येक शेवई सुटी, मूग करकरीत, आणि ते चिंच-गुळाचं पाणी नुसतं जिभेवर नाही, घशापर्यंत गरम उतरतं. असं असतं होय ते! तुम्ही करायचात तेव्हाही असंच लागत असणार, याच्याहून चांगलं लागत असणार. मला काय माहीत? तुमच्या हातच्या मी गरम कधी खाल्ल्याच नाहीत.